पाठमोरी खुर्ची

"काका, अब्बा इज गॉन," नाझनीनचा फोन आला तेव्हा मी शारजाच्या वर्कशॉपमध्ये एका बिघडलेल्या कॉम्प्रेसरशी झटत होतो. हाशीमभाई गेले... महिना उलटला, तरी अल ऐनच्या रस्त्याला लागलो की वाटतं, दारातूनच ओरडतील, "यल्ला, चला, बसा माझ्याकडे पाठ करून!"

रत्नागिरीकडचा हा माणूस लहानपणीच वडिलांबरोबर इंग्लंडला गेला. विमा कंपनीत चोरीचे दावे तपासताना लोकांच्या थापा ऐकून असा तयार झाला, की नोकरी सोडून ब्रिटिश टीव्हीसाठी विनोदी गुन्हेकथा लिहू लागला. त्यांचे चोर बावळट, पोलीस त्याहून बावळट. तिकडे घरोघरी वर्षानुवर्षं लोक त्यावर हसले. प्रत्येक प्रसंग आधी बायकोला ऐकवायचे, तिला पाठमोरं बसवून. "तोंड खोटं हसतं हो, खांदे नाय हसत," म्हणायचे. तिचे खांदे हलले, की समासात पेन्सिलीची टिक. मगच प्रसंग पक्का.

भाभी गेल्या, चॅनेलने नवी मालिका जुन्या वळणाची म्हणून परत केली, आणि हाशीमभाई डॉक्टर लेकीकडे अल ऐनला राहायला आले. मी तिथे एसी दुरुस्तीला गेलो होतो. फोनवरचं माझं मराठी ऐकून त्यांनी मला धरून खिडकीकडे तोंड केलेल्या खुर्चीत, भाभींसारखं पाठमोरं बसवलं. आपल्याला अजून हसवता येतं का, एवढंच त्यांना जाणून घ्यायचं होतं. आणि गाठ पडली माझ्यासारख्या ठोंब्याशी! सुट्टीचे कितीतरी शुक्रवार त्यांच्याकडे गेले, माझे खांदे ढिम्म. "खलास, हाशीम संपला," म्हणत ते कागद फाडायचे, मग स्वतः चहा करून आणायचे. मला त्यांचा रागच यायचा. एवढ्या मोठ्या माणसाने माझ्या पाठीवर स्वतःचं मोल का ठरवावं? खोटे खांदे हलवावेत असं अनेकदा मनात आलं, पण त्यांना ते कळलं असतं.

परवा नाझनीनकडे गेलो. खुर्ची अजून खिडकीकडे तोंड करून. "काका, सिट. अब्बाने जाण्याआधीच्या लास्ट वीकमध्ये लिहिलेला सीन आहे," ती म्हणाली आणि मागून वाचू लागली. चोर घरात शिरतो. आजीबाईंना वाटतं, नळ दुरुस्त करणारा आला. बिचारा घाम गाळून नळ दुरुस्त करतो, बाहेर येतो, तर त्याने चोरून आणलेली गाडीच चोरीला गेलेली. तावातावाने पोलिसांत जातो. पोलीस विचारतात, "गाडी कुणाची?" चोर बराच वेळ विचार करून म्हणतो, "चांगल्या माणसाची होती हो..."

माझे खांदे गदागदा हलले. डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसलो. मागे नाझनीनने पेन्सिल उचलली. मग कागदावर पेन्सिलीची टिक वाजली. तो आवाज मी पहिल्यांदाच ऐकला.