हद्दीपलीकडचा मांडव

माझा धाकटा भाऊ तुरुंगात गेला नाही, पण सुटलाही नाही. शेताच्या पाण्यावरून भांडण झालं आणि त्याने शेजाऱ्याला काठीने मारलं. गुन्हा शाबीत झाला. त्याआधी तो कधी पोलीस ठाण्याची पायरी चढलेला नव्हता, म्हणून न्यायाधीशांनी शिक्षा न सुनावता त्याला दोन वर्षांच्या बंधपत्रावर सोडलं. नीट वागायचं, दर महिन्याला प्रोबेशन अधिकारी बाईंसमोर हजर व्हायचं, कोर्टाच्या परवानगीशिवाय जिल्ह्याबाहेर जायचं नाही. यातलं काही मोडलं तर मूळ गुन्ह्याची शिक्षा भोगायची. जामीन कोण? थोरली बहीण, म्हणजे मी.

न्यायाधीशांनी सगळं कन्नडमध्ये सावकाश समजावलं आणि आम्हाला शब्द न् शब्द कळला. फक्त जिल्ह्याबाहेर म्हणजे कुठे, हे आमच्या डोक्यात कुणी घातलं नाही. रामनगरच्या आसपासच्या आम्हा लोकांचं मूळ गाव खानापूरकडे, कुलदैवत तिकडे, सोयरीकही तिकडेच. बसमध्ये नीट टेकायला जागा मिळेपर्यंत खानापूरची हद्द लागते, आणि कागदावर तो जिल्हा वेगळा. त्या वाटेवर आपण दुसऱ्या जिल्ह्यात शिरलो असं आम्हाला जन्मात कधी वाटलं नव्हतं.

त्याच वर्षी माझ्या मुलीचं लग्न ठरलं, नवरदेवाच्या गावी, खानापूरकडेच. आमच्यात नवरीला मांडवात मामा आणतो, आणि तिला मामा एकच.

"अक्का, जाऊ न्हवं मी?" त्याने एकदा विचारलं होतं.

"खानापूर काय परमुलूख हाय? गप ये," मी म्हणाले. घरात चार शहाणी माणसं बसली होती, एकानेही तोंड उघडलं नाही. मामाने फेटा बांधला, भाचीला हाताला धरून आणलं, आणि नवरीपेक्षा जास्त तोच रडला. लग्न छान झालं.

पुढच्या हजेरीला या शहाण्याने बाईंसाठी लग्नातले बुंदीचे लाडू नेले. बाई चांगल्या होत्या. त्यांनी लाडू तोडला, अर्धा खाल्ला आणि सहज विचारलं की लग्न कुठे झालं. याने छाती पुढे काढून गावाचं नाव सांगितलं. बाईंनी उरलेला लाडू कागदावर ठेवला. म्हणाल्या, "दोन ओळींचा अर्ज दिला असतात तर कोर्टाने परवानगी दिली असती. आता मला कोर्टाला कळवावं लागणार."

घरी आल्यावर मी त्याच्यावर तुटून पडले. "तोंड गोड कराया गेलास आणि गळ्यात फास घिऊन आलास व्हय?"

"मग काय लपवू? भाचीच्या लग्नात जाऊन चोरी केली काय मी?" तो म्हणाला. मी आणखीच चिडले.

समन्स आलं ते दोघांनाही. कोर्टाची तारीख येईपर्यंत त्याने घर सोडलं नाही. उळवीची जत्रा आमच्याच तालुक्यातली, तरी गेला नाही. बाहेर बसची चाहूल लागली की आत सरकायचा. माझा जीव मुठीत होता. जामिनाला माझ्या घराचा उतारा लावलेला होता, आणि त्याला आत टाकलं तर मुलगी सासरी जन्मभर म्हणणार की माझ्या लग्नापायी मामा गेला. काही दिवस मला तो डोळ्यांसमोर नकोसा झाला होता, हे खरं आहे.

कोर्टात बाईंचा अहवाल वाचला गेला. एकही हजेरी चुकली नाही आणि लग्नाचं त्याने स्वतःहून सांगितलं, असं त्यांनी लिहिलं होतं. सरकारी वकिलांचं म्हणणं मात्र असं की अट मोडली, आता शिक्षा द्या. न्यायाधीशांनी मला विचारलं, "तुम्ही जामीन आहात. जाऊ कसं दिलंत?"

"मुलीला दुसरा मामा कुठून आणू, साहेब?" मी म्हणाले. ते हसले नाहीत.

निकाल थोडक्यात सांगितला. पहिलीच चूक म्हणून किरकोळ दंड, बंधपत्र तसंच चालू. परत असं झालं तर मूळ शिक्षा. मग माझ्याकडे बघून म्हणाले, "तुम्ही लक्ष ठेवा."

बाहेर आल्यावर मी देवाला हात जोडले. सुटलो असं वाटलं.

त्यानंतर एका सकाळी भाऊ माझ्या दारात आला. आत आला नाही, उंबऱ्याबाहेरच उभा राहिला. "अक्का, रामनगरात जाऊन येऊ? कोयत्याला धार लावायची हाय."

रामनगर आपलंच, त्याला कुणाची परवानगी लागत नाही. सांगायला हवं होतं, जा की बाबा.

"संगं कोण हाय? कवा येणार?" मी विचारलं.

त्याने मान खाली घालून एकेक उत्तर दिलं, बाईंसमोर देत असेल तसं, आणि मी 'जा' म्हणेपर्यंत तिथेच उभा राहिला.