मुन्शीजींचे परीक्षार्थी

आपल्याकडे पाहुण्याचा मान असतो, जावयाचा असतो, विहिणीचा तर विचारूच नका. पण ज्याची परीक्षा चालली आहे अशा माणसाचाही काही मान असतो, असं मानणारा उभ्या मराठवाड्यात एकच माणूस होऊन गेला आणि तो आमच्या उमरग्याच्या शाळेत कारकून होता. त्यांना नावानं हाक मारलेली मी कधी ऐकली नाही. निजामाच्या अमलात ते शाळेत मुन्शी म्हणून लागले. पुढं राज्य गेलं, झेंडा बदलला, शाळेची उर्दू पाटी उतरून मराठी पाटी चढली, तरी ते आपले मुन्शीजीच राहिले. शिडशिडीत अंग, डोक्याला काळी टोपी, एकेकाळी काळी असलेली आणि आता कोणता रंग म्हणावा हे न कळणारी शेरवानी, खांद्यावर उपरणं, कमरेला किल्ल्यांचा जुडगा. वर्षाचे अकरा महिने हा माणूस दफ्तरात मान खाली घालून बसलेला असे. मार्च आला, मॅट्रिकचं केंद्र आमच्या शाळेत पडलं, की मात्र मुन्शीजींच्या अंगात वारं यायचं.

परीक्षेच्या आदल्या दिवशी ते प्रत्येक बाकावर स्वतः बसून बघत. एका बाकावरून उठायचं, दुसऱ्यावर बसायचं, कोपरं टेकायची, हवेतच दोन ओळी लिहायच्या आणि बाक जरा डुललं की खाली वाकून पायाशी कागदाची घडी सारायची. "बाक हाललं की लिहिणाराचं मन हालतंय," असं ते म्हणत. दुसऱ्या दिवशी त्यांच्या खांद्याला एक खादीची पिशवी लटकलेली असे. तिच्यात टाक, निबा, टीपकागद आणि दोन जादा दौती. कुणाचं काय मोडेल, काय सांडेल, याचा नेम नाही म्हणून. मुलं लिहीत असेपर्यंत ते तीन तास उभे राहत आणि दुसऱ्या कुणाला बसू देत नसत. एकदा आमचे ड्रिलमास्तर खिडकीच्या कट्ट्यावर जरासे टेकले. मुन्शीजी त्यांच्यासमोर जाऊन नुसते हात जोडून उभे राहिले. ड्रिलमास्तर लाजून उठले आणि घंटा होईपर्यंत सावधान स्थितीत राहिले. मुन्शीजींचे नियम तीनच होते. परीक्षा देणाराला बसायला धड जागा द्यायची, प्यायला पाणी द्यायचं आणि त्याला टाकून बोलायचं नाही. मी स्वतः मॅट्रिकला बसलो, तेव्हा बीजगणिताच्या पेपराला माझी बोटं गारठून गेली होती. आदल्या दिवशीपर्यंत मला "अरे पोरा" म्हणणारे मुन्शीजी पाण्याचा पेला घेऊन आले आणि हळूच म्हणाले, "आधी पाणी घ्या. इम्तिहान कुठं पळून चाललाय?" मला आयुष्यात पहिल्यांदा कुणी 'घ्या' म्हटलं ते त्या दिवशी. गणितं सुटली की नाही ते आठवत नाही, पास मात्र झालो.

निजामाच्या वेळच्या कागदांवर परीक्षेला बसणाराला 'उम्मेदवार' म्हणत. मराठवाडा मुंबई राज्यात गेला आणि नव्या मराठी परिपत्रकात 'परीक्षार्थी' हा शब्द आला. मुन्शीजींना तो काही केल्या पचेना. कागद घेऊन ते हेडमास्तरांच्या खोलीत गेले. हेडमास्तर पुण्याकडचे, संस्कृतचे. त्यांनी फोड करून सांगितलं, अर्थी म्हणजे इच्छा धरणारा, मागणारा. विद्या मागतो तो विद्यार्थी, परीक्षा मागतो तो परीक्षार्थी.

"पण साहेब, परीक्षा मागतंय कोण?" मुन्शीजी म्हणाले. "मागणारा मागतो वरचा वर्ग, न्हायतर नोकरी. परीक्षा वाटेत आडवी येती. उम्मेदवार म्हणलं तर निदान उम्मेद तरी दिसत व्हती."

हेडमास्तरांनी हसून कागद परत दिला, पण परिपत्रक काही बदललं नाही. आठ दिवस मुन्शीजी भेटेल त्याला त्या शब्दाचा अर्थ विचारत राहिले. नवव्या दिवशी त्यांनी परिपत्रकात बघून, एकेक अक्षर उतरवत, फळ्यावर स्वतःच्या हातानं 'परीक्षार्थींसाठी सूचना' असं लिहिलं आणि त्यानंतर त्या शब्दाचे असे पाईक झाले की विचारता सोय नाही. ज्याची म्हणून पारख चालली आहे तो त्यांच्या लेखी परीक्षार्थी. जवळच्या मुरुम गावच्या बैलबाजारात एक शेतकरी बैलाचा जबडा फाकून दात मोजत होता, तर मुन्शीजी मध्ये पडले. "अवो, लांबून चालत आलाय परीक्षार्थी. आधी पाणी तर दावा त्याला!" शेतकऱ्यानं खरोखरच बैल हौदावर नेला, आणि नेताना तो आपल्या जोडीदाराला कानडीत काय म्हणाला ते मुन्शीजींनी मला कधी सांगितलं नाही. माझ्या थोरल्या बहिणीला बघायला पाहुणे आले, तेव्हा वडिलांनी वडीलधारे म्हणून मुन्शीजींना बसवलं. ताई पोह्यांच्या बश्या घेऊन आली आणि मुलाच्या मामांनी ती उभी असतानाच प्रश्नांची फैर सुरू केली. मुन्शीजी उठले, स्वतःची खुर्ची तिच्यासाठी सरकवली आणि म्हणाले, "परीक्षार्थी उभी हाय. बसल्याबिगर सवाल न्हाय. आन् एका वेळी एकच." मामांचा चेहरा कडू झाला. वडिलांना घाम फुटला. ते स्थळ मोडलंच. ताई मात्र लग्न होऊन सोलापूरला गेली, नातवंडांची आजी झाली, तरी मुन्शीजींचं नाव निघालं की पदर डोळ्यांना लावते.

सगळ्यांच्या परीक्षांची अशी उठबस करणाऱ्या या माणसावर स्वतः परीक्षेला बसायची पाळी आली. नव्या राज्याचा कारभार मराठीत होणार, तेव्हा उर्दूत शिकलेल्या जुन्या नोकरांनी मराठीची सरकारी परीक्षा द्यावी असा हुकूम निघाला. मुन्शीजींची बोली मराठीच, पण लेखणी जन्मभर उर्दू. घरी वाण्याची यादीसुद्धा ते उर्दूत लिहीत आणि ती त्यांच्या बायकोला, आमच्या काकूंना, वाचता येत नसल्यामुळं स्वतःच दुकानात जाऊन वाचून दाखवत. ओळ डावीकडून सुरू करायची हे त्यांना दर ओळीला आठवावं लागे. पन्नाशी उलटलेल्या मुन्शीजींनी दुसरीच्या मुलांचा कित्ता आणला आणि मधल्या सुट्टीत दफ्तराचं दार लोटून ते पाटीवर अक्षरं गिरवू लागले. पहिल्या खेपेस वेळ पुरला नाही. दुसऱ्या खेपेस ऐन परीक्षेत ताप भरला. तिसरी खेप शेवटची. तीत नापास झाले तर लेखणीचं काम जाऊन कागदांचे गठ्ठे बांधायच्या दफ्तरबंदाच्या जागेवर बसायचं, असा लेखी हुकूम होता. गठ्ठे बांधायला त्यांची ना नव्हती. पण दफ्तरबंदाला परीक्षेच्या कामात हात घालता येत नाही. मार्च यावा आणि आपण पिशवी घेऊन उभं नसावं, ही कल्पनाच त्यांना सोसत नव्हती. "बाकी कायबी घ्या, मास्तर," ते मला एकदा म्हणाले, "एवढा एक महिना ऱ्हाऊ द्या म्हणावं."

मास्तर म्हणजे मी. एव्हाना मी त्याच शाळेत शिक्षक झालो होतो, आणि त्या तिसऱ्या परीक्षेला पर्यवेक्षक म्हणून नेमकं मलाच उभं केलं. आमच्याच वर्गात तालुक्यातले बारा जुने नोकर बसले. मुन्शीजींनी सकाळी किल्ल्यांचा जुडगा दोन साक्षीदारांदेखत माझ्या हवाली केला, रिवाजाप्रमाणं फळ्यावर सूचना लिहिल्या, त्यांत 'परीक्षार्थीने जागा सोडू नये, दुसऱ्याशी बोलू नये' हीसुद्धा होती, आणि मग हात झटकून तिसऱ्या बाकावर जाऊन बसले. लिहायला लागले तेव्हा त्यांची जीभ ओठांच्या कोपऱ्यात आली होती. त्या दिवशी त्यांचा हात चालत होता. मी मागून जाताना पाहिलं, पहिलं पान भरलं होतं आणि अक्षर सरळ होतं. मला मनातून फार बरं वाटलं.

तासाभरानं पुढच्या बाकावर बसलेल्या एका पटवाऱ्याच्या कोपराचा धक्का लागून दौत कलंडली. मुरुमकडच्या एका खेड्यातला हा म्हातारा माणूस, मुन्शीजींच्याच वयाचा. लिहिलेली दोन्ही पानं शाईत बुडाली. तो नुसता पानांकडं बघत राहिला आणि त्याची दाढी हलायला लागली. मी त्याच्यापासून चार हातांवर होतो. दुसरा कागद द्यावा की हेडमास्तरांची परवानगी आणावी, नियम काय सांगतो, याचा मी विचार करत होतो. तो विचार किती वेळ चालला ते मला आजही सांगता येणार नाही. मधल्या वेळात मुन्शीजी उठले. उपरण्यानं त्यांनी बाक पुसलं, स्वतःची दौत पटवाऱ्यांपुढं ठेवली, कोपऱ्यातल्या माठातून पाणी आणलं आणि खांद्यावर हात ठेवून म्हणाले, "आधी पाणी घ्या. अजून लई वेळ हाय. मास्तर कागद देत्यात."

मग त्यांच्या लक्षात आलं. वर्गातले सगळे टाक थांबले होते. मुन्शीजींनी फळ्यावरच्या आपल्याच अक्षराकडं पाहिलं.

"मास्तर, रिपोर्ट लिहा," ते म्हणाले.

"मुन्शीजी, बसा. काही झालेलं नाही."

"कसं न्हाय? परीक्षार्थी जागा सोडून उठला, दुसऱ्यासंगं बोलला. अकरा जणांनी बघितलंय. आज मला सोडलं तर मार्चमधी पोरांना कोणत्या तोंडानं सांगताल?"

रिपोर्टावर दोन परीक्षार्थींच्या सह्या लागत. पटवारी म्हणाले, "हात तोडा माझा, पण सही न्हाय." शेवटी मुन्शीजींनीच गयावया करून दुसऱ्या दोघांना सही करायला लावली. मी लिहिलं. घडलं ते सगळं लिहिलं, एक ओळ सोडून. पर्यवेक्षक चार हातांवर होता आणि जागचा हलला नाही, ही ओळ मी लिहिली नाही. मुन्शीजींनी कागद नियमाप्रमाणं वाचून घेतला, माझ्याकडं एकदा पाहिलं आणि म्हणाले, "अक्षर चांगलं हाय तुमचं." आपला अर्धा पेपर त्यांनी नीट घडी घालून माझ्या हातात दिला आणि ते बाहेर गेले.

महिन्याभरात जिल्ह्याहून कागद आला. पेपर रद्द झाला होता. पटवारी पास झाले. मुन्शीजी दफ्तरबंदाच्या जागेवर गेले आणि आमच्या शाळेच्या कागदांना इतक्या सुरेख गाठी पुन्हा कधी बसल्या नाहीत. माझ्याशी ते पूर्वीसारखेच बोलत, उलट जास्तच जपून. मीच त्यांना टाळत असे. खरं सांगायचं तर मला त्यांची भीती वाटायची, आणि त्यांनी रागावावं असंही वाटायचं.

पुढच्या मार्चमध्ये मुन्शीजींनी रजा टाकली आणि पिशवी खांद्याला लावून ते फाटकाबाहेरच्या लिंबाखाली उभे राहिले. फाटकाबाहेर कुठला नियम पोचणार? येणाऱ्या प्रत्येक मुलाची निब ते पारखून बघत. त्यांच्याशेजारी घागर आणि पेला घेऊन एक म्हातारा उभा होता. ते आपल्या खेड्यातून पहाटे गाडी जुंपून आलेले पटवारी. तेव्हापासून दर मार्चला ही जोडी तिथं असायची, एक निबा देणार, एक पाणी पाजणार. मला आत जाताना बघितलं की मुन्शीजी न चुकता विचारत, "सगळ्यांना बसायला जागा हाय ना, मास्तर?" मी मान हलवून आत सटकत असे.

चार-पाच वर्षांनी एका मार्चला लिंबाखाली पटवारी एकटेच दिसले. घागर पायाशी आणि पिशवी त्यांच्या खांद्याला. माघ महिन्यात, आपल्या मुलीकडं तुळजापूरला गेले असताना मुन्शीजी वारले होते. आमच्या शाळेला ते कळलंही नव्हतं. पिशवी पटवाऱ्यांना द्या, एवढं ते सांगून गेले होते.

इतक्या वर्षांची न लिहिलेली ओळ मग माझ्या तोंडून आपोआप बाहेर पडली. "पटवारी, त्या दिवशी मी तुमच्या जवळ होतो. उठायला मी हवं होतं. रिपोर्टात मी ते लिहिलं नाही."

"ठाव हाय," पटवारी म्हणाले. "मुन्शीजींनाबी ठाव व्हतं. म्या एकदा तुम्हाला बोलणार व्हतो, तर मला अडवलं. म्हणाले, मास्तरबी त्या दिवशी परीक्षार्थीच व्हते, परीक्षार्थीला टाकून बोलू नये."

त्यांनी घागरीतून पेला भरला आणि माझ्यापुढं धरला. आत पहिली घंटा झाली होती. मी पाणी प्यायलो.