दुकानातला आवाज

मी चपलांच्या दुकानात सेल्समन आहे. गिऱ्हाइकाने सगळे जोड काढायला लावले, तरी मी "सावकाश बघा, ताई" म्हणतो.

घटस्फोटाच्या खटल्यात बायकोने माझ्या ओरडण्याचं रेकॉर्डिंग दिलं. मी छाती फुगवून सांगितलं, हा आवाज माझा नाहीच. कोर्टाने आवाज तपासायचा हुकूम काढला आणि खटला लटकला.

प्रयोगशाळेत रेकॉर्डिंगमधलंच वाक्य बोलायचं होतं: "एकदा सांगितलेलं कळत नाही का तुला?" मी ते इतकं गोड म्हणायचो, जणू पॉलिशची डबी फुकट देतोय. रेकॉर्डिंगमधल्यासारखा चढा सूर नसल्याने तुलना होईना, नमुना दरवेळी बाद व्हायचा. तारखांवर तारखा पडून वर्षं गेली. अक्कल माझीच, बोंब कुणाच्या नावाने मारणार?

या खेपेला बायकोलाही बोलावलं होतं. ती बाहेर बाकावर बसली. आत गेल्या गेल्या मी तपासणाऱ्या बाईंना सांगितलं, आता दुकानातून सुट्टी मिळणार नाही. माझं गोड वाक्य ऐकून त्या म्हणाल्या, "नाही जमलं. पुढची तारीख घ्या."

माझं डोकं सटकलं. "एकदा सांगितलेलं कळत नाही का तुला?"

यंत्र चालूच होतं. "हां, आता बरोबर," बाई शांतपणे म्हणाल्या.

बाहेर आलो, तर बायको बाकावरून उठून भिंतीला टेकून उभी होती. घरी उभी राहायची तशी.