आमच्या घरातले मुके सिनेमे

माझे यजमान तोफखान्यातून पेन्शनवर कडेगावात आले, तेव्हाच त्यांना कमी ऐकू यायचं. आता तर जवळजवळ काहीच येत नाही. कानातलं मशीन टोचतं म्हणून ते कपाटात पडून असतं. चहा घ्या, दार लावा, पाण्याची मोटार बंद करा, सगळं मी ओरडून सांगायचं. गल्लीला वाटतं, आमचं रोजच भांडण चालतं. एवढं ओरडल्यावर दुसरं काही बोलायला अंगात त्राणच उरत नाही. हळूहळू मी कामापुरतंच बोलू लागले.

मध्यंतरी लेक पुण्याहून आली. तिनं टीव्हीवर अमेरिकेतले फार जुने, छोटे छोटे मुके सिनेमे लावून दिले. म्हणाली, "यात कुणी बोलतच न्हाई, पप्पांना चालंल."

ती गेल्यावर एका दुपारी मी आत तूर निवडत होते. बाहेरून विचित्र आवाज आला. ठसका लागला वाटून धावले, तर हे हसत होते. डोळ्यांतून पाणी, कवळी सैल झालेली. पडद्यावर एक काटकुळा गडी शिडी लावून पोरीच्या खिडकीकडं चढत होता. शिडी घसरली आणि तो थेट चुन्याच्या पिंपात! पोरीचा बाप झाडू घेऊन आला.

"काय म्हणतीय गं ती पोरगी?" यांनी मलाच विचारलं.

मधे येणारी इंग्रजी अक्षरं मला वाचता येईनात. ओरडायचाही कंटाळा आला होता. त्यांच्याकडं तोंड करून मी साध्या आवाजात म्हटलं, "म्हणतीय, खालीच किती दिवस हुबा ऱ्हाणार? वर कवा येणार?"

"वर आलो तर तुझा बाप मारंल!" हे लगेच म्हणाले.

मी चमकले. "ऐकू आलं?"

"न्हाई. तोंड दिसलं की."

इतकी वर्षं मी स्वयंपाकघरातून, त्यांच्या पाठीमागूनच ओरडत होते. तूर तशीच ठेवून मी शेजारी बसले. पुढच्या सिनेमात नवरानवरीची गाडी उतारावरून सुटली होती. ती कुठं पोचली ते मला माहीत नाही, कारण माझा डोळा लागला.

जाग आली तेव्हा टीव्ही बंद होता. माझं डोकं यांच्या खांद्यावर, आणि हे हात अवघडून तसेच बसलेले.

"उठवायचं न्हाई व्हय?" मी त्यांच्यासमोर तोंड करून विचारलं.

"लय दमलीस," ते म्हणाले. मग हात झटकत, "आता चहा ठेव."

मी उठले.