भिंतीकडे तोंड केलेलं कॅलेंडर

मोशीच्या मारुतरावांची विजयश्री एके काळी चाकणपासून भोसरीपर्यंतच्या गॅरेजांत भिंतीवर होती. इंजिन ऑइलच्या कॅलेंडरवर, पोहण्याच्या तोकड्या कपड्यांत. ते गाजलं आणि मुंबईत जाहिराती, फॅशन शो, मासिकांची मुखपृष्ठं असं सगळं चालून आलं. इकडे बापानं तिचं नाव टाकलं. गाव तरी काय साधुसंतांचं? तोंडानं नावं ठेवायची आणि तेच कॅलेंडर दुकानात मिरवायचं.

आई गेली आणि म्हाताऱ्याचं करायला कुणी उरलं नाही. तेव्हा विजयश्री चालतं काम सोडून घरी आली. केस आवळून बांधले, अंगभर ओढणी घेतली, मुलाखतवाल्यांना दारातूनच वाटेला लावलं. बापानं एकदा 'विजे' म्हणून हाक मारावी, एवढीच तिची आस. म्हातारा तिच्या हातचं जेवायचा, तिच्याकडून पाय चेपून घ्यायचा, पण अवाक्षर बोलायचा नाही. मी शेजारी. मला त्याचा भयंकर राग यायचा.

गेल्या महिन्यात दोघांना चाकणच्या दवाखान्यातून आणताना माझी गाडी पंक्चर झाली. समोरच्या गॅरेजात शिरलो तर भिंतीवर तेच कॅलेंडर. असल्या ठिकाणी वर्ष संपलं की खालचा तारखांचा गठ्ठा तेवढा बदलतात, वरचं चित्र कुणी काढत नाही. विजयश्री दारातच थिजली.

मेकॅनिक रोहिदास परभणीकडचा. बाईमाणूस आलेलं बघून त्यानं लगबगीनं कॅलेंडरचं तोंड भिंतीकडे केलं.

"माफ करा ताई. घरच्या बायांनी बघावं असं नाही ते."

त्यानं तिला ओळखलंच नव्हतं. विजयश्रीनं मान खाली घातली, पण तिचा चेहरा निवला. इतक्या वर्षांत तिला घरची असं कुणी म्हटलं नव्हतं.

रोहिदासनं स्टूल पुसून मारुतरावांना बसवलं, पाणी दिलं. म्हणाला, "बाबा, लेक लई जीव लावती तुम्हाला."

म्हातारा उलट्या कॅलेंडरकडे बघत राहिला. मग म्हणाला, "लेक न्हाई ती. पगारी बाई हाय. माझी लेक कवाच मेली."

त्याला तिथंच सोडून निघावं असं मला वाटलं. चाक बसल्यावर विजयश्रीनं मात्र खांदा पुढे केला आणि त्यावर हात टेकून म्हातारा उठला, रोजच्यासारखा.

मोशीत उतरताना ती मला हळूच म्हणाली, "दादा, खरंच एखादी पगारी बाई बघा. तिला तरी ते हाक मारतील."