मागच्या चुलीवरची मोरोक्कन कोंबडी

आमच्याकडे कोंबडी शिजते, पण घरात शिजत नाही. लग्न होऊन बोरीला आले तेव्हा हे गणित कळायला मला बरेच दिवस लागले. माझ्या सासूबाईंच्या, म्हणजे आमच्या आत्याबाईंच्या गळ्यात तुळशीची माळ. सासरे, म्हणजे मामा, पक्के खाणारे. लग्नानंतर कधीतरी दोघांत तह झाला असावा, तो आजवर टिकून आहे. स्वयंपाकघर आत्याबाईंचं आणि मागचं अंगण मामांचं. तिथं गोठ्याच्या भिंतीला टेकून विटांची चूल आहे. कोंबडीची भांडी गोठ्यातल्या एका गोणीत असतात. गोणीतलं भांडं आत येत नाही, आणि आतलं भांडं चुकून मागं गेलं तर ते गेलंच, त्याला पुन्हा घरात जागा नाही.

मागच्या चुलीवर शिजवायचे ते मामाच. आम्ही बायकांनी आतून वाटण आणि भाकरी पुरवायच्या, एवढाच आमचा वाटा. मामांच्या रश्शाला गावात नाव होतं. तर्री अशी की भगुन्यात वाकून पाहिलं तर तोंड दिसावं. पहिल्या घासाला पाहुण्याच्या डोळ्यांतून पाणी आलं नाही तर मामांना पाहुणचार कमी पडल्यासारखं वाटे. त्यांची सून असूनही मी स्वतः कधी कोंबडी शिजवली नव्हती, कारण कोणी शिजवू दिलीच नव्हती.

मग मामांच्या छातीत दुखायला लागलं. नांदेडला नेलं, स्प्रिंग बसवली, घरी आणलं. डॉक्टरांनी तेल, तिखट आणि बोकड बंद केलं. चामडी काढलेली कोंबडी चालेल म्हणाले, पण भाज्या भरपूर घालून आणि तेल नावाला. मामांनी सगळं शांतपणे ऐकून घेतलं आणि जेवणच सोडलं.

सोडलं म्हणजे उपोषण नव्हे. ताटावर बसायचे, चतकोर भाकरी दुधात बुडवायचे आणि पोट भरलं म्हणून उठायचे. फिक्कं वरण समोर ठेवलं की त्याच्याकडे असे बघत, जणू ते वरण त्यांच्याकडे उसने पैसे मागायला आलंय. दोन महिन्यांत सदरा अंगावर लोंबायला लागला. आत्याबाई मामांचं उरलेलं ताट उचलताना रोज आधी भाकरी किती उरली ते बघत. मला भीती वाटायला लागली होती. स्प्रिंग टिकेल, पण माणूस असा खंगून जाईल, असं मी नवऱ्याला म्हटलं. तो म्हणाला, तूच काहीतरी बघ, तू शिकलेली आहेस. आमच्या घरात ज्याला जे जमत नाही ते शिकलेल्या माणसाकडे येतं.

मी गावातल्या शाळेत भूगोल शिकवते, स्वयंपाक नाही. तरी मोबाईलवर शोधलं, आणि एक बाई सापडली. तिचं स्वयंपाकघर आमच्या शाळेच्या वर्गाएवढं होतं. तिनं मोरोक्कोच्या पद्धतीनं कोंबडी आणि भाज्या केल्या. तेल चमचाभर, तिखट जवळजवळ नाहीच, पण दालचिनी, जिरं, सुंठ, मनुका, छोले, गाजर, भोपळा आणि मुरलेलं लिंबू. सगळं एका भांड्यात आणि अर्ध्या तासात. वर तिनं सांगितलं की हृदयाला हे चांगलं. एका भांड्यात हे ऐकून मला हसू आलं. आमच्याकडे एका कोंबडीला दोन स्वयंपाकघरं लागतात.

सामान जमवायला निघाले तेव्हा कळलं की बरंचसं घरातच आहे. मुरलेलं लिंबू म्हणजे आत्याबाईंच्या बरणीतलं खारातलं लिंबू, जे आजाऱ्याच्या तोंडाला चव यावी म्हणून त्या दरवर्षी घालतात. त्या बाईनं सोबत एक बारीक रव्यासारखं धान्य शिजवलं होतं. त्याऐवजी आपला लापशीचा दलिया चालेल असं मी ठरवलं. तिनं घातलेली खुबानी, म्हणजे वाळवलेलं जर्दाळू, मात्र मिळाली नाही. नवरा मानवतच्या बाजारात शोधून आला, दुकानदार म्हणाला ईदच्या वेळेला या. मी मनुकांवर भागवलं.

बुधवार ठरला, कारण सोमवार, गुरुवार, शनिवार आमच्याकडे देवांनी वाटून घेतलेत. मामांना सांगितलं की आज मागं मी शिजवणार आहे. त्यांनी विचारलं, काय. मी म्हटलं, मोरोक्कोची कोंबडी. ते कुठं आलं, म्हणाले. मी पाटीवर शिकवावं तशी हवेत आफ्रिका काढली आणि वरच्या डाव्या कोपऱ्यात बोट ठेवलं.

मामांनी त्या बोटाकडे बराच वेळ पाहिलं. “तिथल्या लोकायला छातीत दुखत न्हाई का?” त्यांनी विचारलं. भूगोलाच्या पुस्तकात हे नव्हतं.

त्यांनी बाज गोठ्याकडे ओढून घेतली आणि माझ्यावर लक्ष ठेवायला बसले. त्यांच्या चुलीवर दुसरं कोणी बसलेलं त्यांनी आयुष्यात पाहिलं नव्हतं. मी गोणीतलं जर्मनचं भगुनं काढलं, मोबाईल भिंतीला टेकवला आणि पऱ्हाट्या, म्हणजे कापसाच्या वाळक्या काड्या, पेटवल्या. पऱ्हाट्या भडकन पेटतात आणि तितक्याच भडकन विझतात. मोबाईलमधल्या बाईची कोंबडी शिजून ताटात गेली तेव्हा माझ्या चुलीतून फक्त धूर निघत होता. म्हशीसुद्धा खोकल्या.

मामांना ते बघवेना. बाजेवरून उठून ते म्हणाले, “सरक. इस्तू असा करत्यात व्हय?” खाली बसून त्यांनी दोन गोवऱ्या उभ्या लावल्या, मधे पऱ्हाट्या खोचल्या, एक फुंकर मारली आणि जाळ लागला. दवाखान्यातून आल्यापासून त्यांनी पहिल्यांदा कशाला तरी हात लावला होता. मी त्यांना परत बाजेवर जा म्हटलंच नाही.

मग तेलावरून वाद झाला. मी चमचा ओतला. ते पुढच्या चमच्याची वाट बघत राहिले. मी झाकण लावून बाटली बाजूला ठेवली तेव्हा त्यांचा चेहरा सुतकातल्यासारखा झाला. एवढ्या तेलात आपण दिवा लावतो, असं ते म्हणाले. कांदा चिकटायला लागला की मी पाण्याचा हबका मारायची आणि ते तोंड फिरवायचे. जिरं, धने, दालचिनी, सुंठ टाकली, तेव्हा मात्र तोंड परत इकडे वळलं. वास बरा आहे, पण लाडवाचा आहे, म्हणाले. कोंबडीचे तुकडे, गाजर, भोपळा, छोले, धुतलेलं लिंबू आणि शेवटी मनुका. मनुका पडताना त्यांनी डोळे मिटून घेतले.

मधेच आत जाऊन मी गॅसवर दलिया शिजत घातला. दलियाला कोंबडी लागलेली नाही, म्हणून तो आत शिजायला काही हरकत नाही, हे मी शिकलेल्या बाईच्या हिशेबानं ठरवलं होतं. हातपाय धुऊन आत गेले, आत्याबाईंचं माहेरचं स्टीलचं पातेलं घेतलं, त्यात दलिया, मनुका, दालचिनीचा तुकडा, गाजराचा कीस आणि मीठ घातलं. झाकण ठेवलं, गॅस बारीक केला आणि पुन्हा मागं आले. आत्याबाईंना मी सांगितलं होतं की आज भाकरी टाकू नका, दलियाच आहे. त्या बरं म्हणाल्या. एवढंच सांगितलं, आणि घोटाळा तिथंच झाला.

मागं येते तर मामा पळी घेऊन भगुन्यात वाकलेले. त्यांनी रस्सा तळहातावर घेऊन चाखला. पुन्हा चाखला. मग पळीनं कोंबडीचा तुकडा दाबून पाहिला, मऊ झाल्याची खात्री केली, आणि जमिनीकडे बघत म्हणाले, “भूक लागली गं बाई. वाढ आता.”

दोन महिन्यांत हा शब्द त्यांच्या तोंडून आम्ही ऐकला नव्हता. माझे डोळे भरून आले आणि मी ते धुरावर ढकलून दलिया आणायला पळाले.

स्वयंपाकघरात गॅस बंद होता आणि पातेलं जागेवर नव्हतं. ते देवघरात होतं. समई लावलेली, उदबत्ती लावलेली, पातेल्याभोवती पाणी फिरवलेलं, आणि दलियाच्या मधोमध तुळशीचं पान. आत्याबाई हात जोडून बसल्या होत्या. त्यांच्या राज्यात घरात गोड शिजलं की पहिला मान देवाचा. मनुका दिसल्या, दालचिनीचा वास आला, वर दलिया. लापशीच म्हणायची ना ती. आणि देवाला दाखवायच्या आधी चव घ्यायची नसते, त्यामुळे त्यात मीठ आहे हे त्यांना कळायला काही मार्गच नव्हता.

मी दारातच थबकले. नैवेद्य झाला म्हणजे दलियाचा प्रसाद झाला, आणि प्रसादाला कोंबडी लावायची हे आमच्या घरात सात जन्मांत कोणाच्या मनात आलं नसतं. भाकरी एकही नव्हती. पीठ मळून टाकायचं म्हटलं तरी वेळ गेला असता, आणि मामांची भूक मला माहीत होती. ती मुंबईहून आलेल्या पाहुण्यासारखी होती, चहाला उशीर झाला की निघून जाणारी. एकदा बाजेवर चादर ओढून आडवे झाले की पुन्हा उठायचे नाहीत.

आत्याबाईंनी मान वळवली. लापशी कशाला गं केलीस एवढी, असं त्या विचारत होत्या. मी खरं ते सांगून टाकलं. म्हटलं, आत्याबाई, ही लापशी नाही, हे मामांच्या कोंबडीबरोबर खायचं आहे. आणि मामा आपल्या तोंडानं म्हणाले, भूक लागली.

त्या रागवायची मी वाट बघत होते. त्यांनी देवाकडे पाहिलं, मग मागच्या दाराकडे पाहिलं. मग तुळशीचं पान उचलून स्वतःच्या तोंडात टाकलं. एका वाटीत देवापुरता प्रसाद काढून ठेवला आणि ते पातेलं, माहेरचं, लग्नातलं, नाव कोरलेलं, दोन्ही हातांनी उचलून माझ्या हातात दिलं.

“जा, वाढ त्यायला,” त्या म्हणाल्या. “देवाचं मी बघते.”

पातेलं मागं जातंय, असं मी पुटपुटले. ते त्यांना माझ्यापेक्षा चांगलं ठाऊक होतं. हातानंच त्यांनी मला हाकललं.

मामांनी ताटात दलिया घेतला, वर कोंबडी आणि भोपळा घेतला, आणि पहिला घास घेतला. चावत राहिले. मी, नवरा आणि म्हशी बघत होतो. कोरड्यास, म्हणजे कालवण, गोड आहे, असा निकाल त्यांनी दिला. मनुका शोधून शोधून ताटाच्या कडेला लावल्या. मग हळूच कडेच्या मनुकाही खाल्ल्या. आणि मग पातेल्याकडे बोट दाखवून म्हणाले, अजून वाढ. पातेलं त्यांनी ओळखलं होतं. मी वाढताना ते त्याच्या काठावरच्या नावाकडे बघत राहिले. पहिल्या वाढीवरच हात धुऊन उठले नाहीत हेच मला पुष्कळ होतं. ताट त्यांनी बोटानं पुसून काढलं.

हातपाय धुऊन मी आत आले. आत्याबाई देवासमोरच बसल्या होत्या, प्रसादाची वाटी मांडीवर. मला बघून त्यांनी पहिला घास तोंडात घातला आणि त्यांचं चावणं थांबलं.

“मीठ हाय ह्यात,” त्या म्हणाल्या.

मी मान खाली घातली.

“म्हंजी आज देवानं बी पथ्याचं खाल्लं.” त्या म्हणाल्या. मग दाराकडे न बघता विचारलं, “त्यायनी किती खाल्लं?”

मी सांगितलं, दुसऱ्यांदा मागून घेतलं.

त्यांनी मान हलवली आणि मिठाचा तो प्रसाद शेवटच्या दाण्यापर्यंत खाल्ला. वाटी धुऊन जागेवर पालथी घातली. पातेल्याबद्दल त्या दिवशी त्यांनी विचारलं नाही आणि पुढंही कधी विचारलं नाही. ते आता गोठ्यातल्या गोणीत असतं, आणि बुधवारी दुपार कलली की आत्याबाई स्वतः मागच्या दारापर्यंत येतात आणि उंबऱ्याच्या अलीकडे, मागं त्यात शिजवायला, कोरड्या दलियाचा डबा ठेवून जातात.