गोडबोल्यांचं चिलखत

इंग्लंडमधल्या आमच्या बेसिंगस्टोक गावच्या सुपरमार्केटचं दार आपोआप उघडतं. तरी हेमंत गोडबोले बायकांसाठी ते धरायला धावायचा. "आफ्टर यू, माय लेडी!" मागं त्याची बायको वृंदा दोन्ही हातांत पिशव्या घेऊन उभी असायची. त्यातली एखादी घ्यावी, हे त्याला कधी सुचलं नाही.

आठवडाभर बिझनेस पार्कमध्ये सॉफ्टवेअर तपासणारा हा माणूस वीकेंडला चिलखत चढवून मध्ययुगीन नाइट, म्हणजे शूर सरदार, व्हायचा. हौशी मंडळींच्या एका गटाबरोबर जुन्या किल्ल्यांवर लुटुपुटूच्या लढाया करायचा. "वहिनी, स्त्रीचा मान हे नाइटचं पहिलं व्रत. आपल्याकडे हे नाहीच!" एवढं मला ऐकवून सोफ्यावरूनच ओरडायचा, "वृंदा, चहा!" लोकां सांगे ब्रह्मज्ञान! मला त्याचा मनस्वी राग यायचा.

चिलखताची बक्कलं पाठीवर असतात. आवळायला आणि सोडायला दुसरं माणूस लागतं. जुन्या काळी त्यासाठी सेवक असत, हेमंतकडे वृंदा होती. किल्ल्यावर गाडीतून ऐटीत उतरता यावं म्हणून हा शूरवीर घरूनच सजून निघायचा.

वृंदाला महिनोन्महिने वाट पाहून ड्रायव्हिंग टेस्टची तारीख मिळाली, ती शनिवारची. लायसन्स मिळालं तर शेजारच्या गावातल्या शाळेतली नोकरी तिची होती. तिकडे बस जात नव्हती. हेमंतनं गाडी द्यायचं कबूल केलं होतं, शिकाऊ चालकाशेजारी लायसन्सवालं माणूस लागतं, म्हणून सोबत मी बसणार होते. त्या सकाळी त्यांच्या घरी पोचते तर साहेब चिलखतात आणि वृंदा पाठीमागे बक्कलं लावतेय.

"गाडी मला लागेल वहिनी. टूर्नामेंटला शब्द दिलाय. नाइट शब्द मोडत नाही."

"मलाही दिला होतास," वृंदा म्हणाली.

"अगं, तो घरातला होता! टेस्ट काय, रीबुक करू."

वृंदानं शेवटचं बक्कल एक भोक जास्तच आवळलं, गाडीची किल्ली उचलली आणि मला म्हणाली, "चल गं."

आम्ही परतलो तेव्हा तो घरापुढं तसाच उभा होता. हात पाठीपर्यंत पोचत नव्हते, आणि शेजारच्या गोऱ्या आजींना बक्कलं सोडायला सांगायची लाज वाटली असणार.

"वृंदा, आधी हे काढ!"

तिनं इंजिन बंद केलं, पण जागची हलली नाही. काच खाली करून म्हणाली, "पास झाले. दार उघड."

"कुणासाठी?" त्यानं विचारलं. त्याला खरंच कळलं नव्हतं.

तिनं आतूनच दाराकडे बोट दाखवलं. मग तो खणखणत आला आणि त्यानं दार उघडलं. वृंदा उतरली, घरात गेली आणि तिनं आधी आम्हा दोघींसाठी चहा टाकला.